बाळ गप्प झालं, तेव्हा

माझ्या भावाची मुलगी एकोणीस दिवसांची होती. रूपीनगरच्या आमच्या दोन खोल्यांत तेव्हा भाभी, अम्मी, मी आणि ती. भाऊ तिसऱ्या पाळीला जायचा. त्याने मोबाइलमध्ये एक अ‍ॅप घेतलं होतं. बाळ रडायला लागलं की फोन जवळ धरायचा, दहा सेकंदांत उत्तर यायचं : भूक, झोप, पोटदुखी, कंटाळा. पहिले पंधरा दिवस हा घरातला खेळच झाला होता. शेजारच्या बायकाही बघायला यायच्या. अ‍ॅप बहुतेक वेळा 'भूक' म्हणायचं, आणि एवढ्याशा बाळाच्या बाबतीत 'भूक' म्हणणारा बहुतेक वेळा बरोबरच ठरतो.

त्या रात्री बाळ रडलंच नाही. आम्ही खूश. भाभीला किती दिवसांनी सलग झोप मिळाली होती. अ‍ॅपवर हिरवी खूण होती : झोप उत्तम. पहाटे अम्मीने बाळाला मांडीवर घेतलं, तोंड छातीला लावून बघितलं, तर ती दूध ओढेना. चिमटा काढल्यासारखं केलं तर मांजराच्या पिलासारखा बारीक आवाज आला आणि थांबला. अम्मी म्हणाली, "ही शांत नाही झोपली. हिच्यात रडायची ताकद राहिली नाही." रिक्षा केली, दवाखाना गाठला. रक्तात जंतुसंसर्ग होता. दहा दिवस सलाइनमधून औषधं चालली. आज ती पोरगी अम्मीच्या चष्म्याला हात घालते, अल्हम्दुलिल्लाह.

हा किस्सा सांगून 'यंत्र वाईट, आजी चांगली' असा निष्कर्ष मला काढायचा नाही. मी स्वतः यंत्रांना ऐकवून पोट भरते. तळवड्याच्या सॉफ्टवेअर पार्कमध्ये माझं काम आवाजाचं आहे. चाकण-भोसरीच्या कारखान्यांत मोटारी, पंप, बेअरिंग चालतात. बेअरिंग झिजायला लागलं की त्याचा आवाज बदलतो, माणसाच्या कानाला कळण्याच्या आधी. तो बदल ओळखायला आम्ही संगणकाला शिकवतो. त्यामुळे भावाच्या मोबाइलमधलं ते अ‍ॅप आत काय करत असेल, हे मला ठाऊक होतं. तरीही त्या रात्री मीसुद्धा हिरवी खूण बघून झोपले. म्हणूनच या वेळचा संपादकीय लेख या विषयावर लिहिते आहे.

आधी यंत्राचं काम समजून घेऊ. रडण्याचा आवाज माइकमधून आत येतो, तेव्हा ती नुसती आकड्यांची रांग असते. संगणक तिचे बारीक तुकडे करतो आणि प्रत्येक तुकड्यात कोणत्या पट्टीतला आवाज किती जोरात आहे, हे मोजतो. ते सगळं शेजारी शेजारी मांडलं की आवाजाचं एक चित्र तयार होतं. प्रौढ पुरुषाचा आवाज सेकंदाला सव्वाशेच्या आसपास कंपनांचा, बाईचा दोनशेच्या वर, आणि नवजात बाळाचं रडणं साधारण चारशे-पाचशेचं. त्यामुळे चित्रात ते सहज वेगळं दिसतं. मग डीप लर्निंगची जाळी अशी हजारो चित्रं बघते. प्रत्येक चित्राला माणसाने नाव दिलेलं असतं : हे भुकेचं, हे दुखण्याचं. नवं चित्र आलं की जाळी सांगते, हे कोणत्या ढिगासारखं दिसतंय.

सगळी गोम त्या 'माणसाने दिलेल्या नावा'त आहे. बेअरिंग खोलून बघता येतं, झिजलंय की नाही ते नक्की कळतं. बाळाला कोण खोलून बघणार? आईने दूध पाजलं, बाळ गप्प झालं, म्हणजे रडणं भुकेचं होतं, असं आपण लिहून टाकतो. पण छातीशी घेतल्याने, उबेने, आईच्या वासानेही बाळ गप्प होतं. म्हणजे यंत्र बाळाचं मन शिकत नाही, आईबापांचे अंदाज शिकतं.

फ्रान्समधल्या सेंट-एतिएन विद्यापीठातल्या संशोधकांनी हे नीट तपासलं. चोवीस बाळांच्या घरी त्यांनी जन्मानंतर पंधरा दिवसांपासून साडेतीन महिन्यांपर्यंत ठरावीक टप्प्यांवर ध्वनिमुद्रण केलं. जवळपास छत्तीसशे तासांच्या नोंदींतून एकोणचाळीस हजारांवर रडण्याचे आवाज मिळाले. २०२३ मध्ये त्यांनी निष्कर्ष छापला : रडण्यावरून यंत्राला हे बाळ कोणतं ते ओळखता येतं, पण ते का रडतंय हे भरवशाने सांगता येत नाही. माणसांनाही नाही. मग आईला कसं कळतं? तिला शेवटचं दूध कधी पाजलं, लंगोट किती वेळापूर्वी बदलला, काल ताप होता का, हे माहीत असतं. ती आवाज एकटा ऐकत नाही, दिवस ऐकते.

मग हे सगळं संशोधन फुकट? अजिबात नाही. प्रश्न बदलला की उत्तर बदलतं. 'बाळ का रडतंय' याऐवजी 'हे रडणं निरोगी बाळाचं आहे का' असं विचारा. डॉक्टर लोकांनी हा प्रश्न फार पूर्वी विचारला होता. फ्रान्सच्या जेरोम लेज्यून यांनी १९६३ मध्ये गुणसूत्राच्या एका दोषाचं वर्णन केलं. त्यात बाळ मांजरीसारखं रडतं, म्हणून त्या आजाराचं नावच 'मांजरीचं रडणं' असं पडलं. जन्मताना प्राणवायू कमी पडला, मेंदूला इजा झाली, की रडण्याचा सूर आणि दम बदलतो. नायजेरियाचा चार्ल्स ओनू हा तरुण अभियंता कॅनडात शिकायला गेला आणि याच बदलावर काम करू लागला. त्याच्या उपक्रमाचं नाव 'उबेन्वा', इग्बो भाषेत बाळाचं रडणं. आपल्या देशातल्या गरीब दवाखान्यांत महागडी तपासणी नाही, पण फोन आहे, तर फोनला ऐकायला शिकवू, असा त्याचा विचार. आपल्या भाषेतलं नाव आणि आपल्या लोकांचा प्रश्न घेऊन या क्षेत्रात उतरलेला हा माणूस मला आपल्या वाचकांसाठी महत्त्वाचा वाटतो.

पण फोनच्याही आधी, आपल्याच महाराष्ट्रात, रडण्याचा अर्थ लावून जीव वाचवणाऱ्या बायका तयार झाल्या. गडचिरोलीत डॉ. अभय आणि डॉ. राणी बंग यांच्या 'सर्च' संस्थेने ३९ गावांत गावातल्याच, थोडं शिकलेल्या स्त्रियांना आरोग्यदूत म्हणून प्रशिक्षण दिलं. त्या घरी जाऊन नवजात बाळ बघायच्या, वजन करायच्या, श्वास मोजायच्या. जंतुसंसर्ग ओळखण्यासाठी त्यांच्याकडे प्रयोगशाळा नव्हती, काही खुणांची यादी होती. त्यातली एक खूण अशी : आधी नीट रडणाऱ्या बाळाचं रडणं मंद झालं किंवा थांबलं. दुसरी : आधी नीट दूध ओढणारं बाळ ओढेनासं झालं. यादीतल्या दोन खुणा एकदम दिसल्या की उपचार सुरू. १९९९ मध्ये 'लॅन्सेट' या वैद्यकीय नियतकालिकात निकाल आले. हजार जन्मांमागे ६२ नवजात मृत्यू होत होते, ते २५ च्या आसपास आले. शेजारच्या, हे काम न झालेल्या गावांशी तुलना करता नवजात मृत्यूदर ६२ टक्क्यांनी घटला होता.

अम्मीने त्या पहाटे ज्या दोन गोष्टी बघितल्या, त्या याच दोन. आणि ती काही गडचिरोलीला गेली नव्हती. या प्रयोगावर आधारलेली घरी जाऊन नवजात बाळाची काळजी घेण्याची पद्धत केंद्र सरकारने २०११ मध्ये देशभर स्वीकारली. दवाखान्यात जन्मलेल्या बाळाच्या घरी आशाताईने तिसऱ्या, सातव्या, चौदाव्या, एकविसाव्या, अठ्ठाविसाव्या आणि बेचाळिसाव्या दिवशी जायचं असतं. आमच्या गल्लीतल्या आशाताई तीनदा येऊन गेल्या होत्या. जाताना त्यांनी सांगितलं होतं, दूध ओढेना, रडणं मंदावलं, अंग गार किंवा गरम लागलं, तर वाट बघू नका. मी तेव्हा लॅपटॉपवर होते. ऐकलं अम्मीने.

म्हणजे आमच्या घरी अ‍ॅप आणि अम्मी यांच्यातला फरक यंत्र आणि माणूस असा नव्हता. अ‍ॅप आवाज आला तरच काम करत होतं, अम्मी आवाज नाही म्हणून सावध झाली. रडणं ही तक्रार आहे आणि शांतता म्हणजे सुख, असं ज्याने ते अ‍ॅप बनवलं त्याने गृहीत धरलं. आम्हीही धरलं.

हे गृहीतक नवं नाही. शंभर वर्षांपूर्वी मुंबईच्या गिरण्यांत काम करणाऱ्या बाया पाळीला जाण्याआधी तान्ह्या बाळाला अफूची गोळी द्यायच्या. 'बाळागोळी' म्हणत तिला. बाळ दिवसभर गुंगीत पडून राहायचं, रडायचं नाही, दूध मागायचं नाही. त्या काळातल्या कामगार स्त्रियांच्या पाहण्यांमध्ये ही गोष्ट नोंदलेली आहे, १९३१ च्या रॉयल कमिशन ऑन लेबरच्या अहवालातही तिची दखल आहे. त्या बाया निर्दय नव्हत्या. बारा-बारा तास घर सोडून राहायचं, बाळाला बघायला कोणी नाही, पाळणाघर नाही. बाळाच्या रडण्याला उत्तर द्यायला कोणी मोकळं नव्हतं, म्हणून रडणंच बंद केलं गेलं.

आता तळवड्याकडे बघा. ज्योतिबानगर, रूपीनगर, पलीकडे चिखली-कुदळवाडी. मराठवाड्यातून, उत्तर प्रदेशातून, बिहारमधून आलेली माणसं. पत्र्याच्या शेडमध्ये प्रेस मशीन, पॅकिंग, भंगार वेगळं करायचं काम. त्यात बायका मोठ्या संख्येने, आणि त्यात आपल्या बायकाही. ८ डिसेंबर २०२३ ला याच तळवड्यात वाढदिवसाच्या केकवर लावायच्या मेणबत्त्या बनवणाऱ्या शेडला आग लागली. मेलेल्यांत बहुतेक बायका होत्या. कितीजणींची लेकरं तेव्हा कोणा शेजारणीकडे, मोठ्या बहिणीकडे असतील, याचा विचार मी अनेकदा करते.

कायदा काय म्हणतो? २०१७ च्या दुरुस्तीने प्रसूती रजा सव्वीस आठवड्यांची झाली. पन्नास किंवा अधिक कामगार असलेल्या ठिकाणी पाळणाघर सक्तीचं झालं आणि आईला दिवसातून चार वेळा बाळाकडे जायची मुभा मिळाली. २०२० च्या सामाजिक सुरक्षा संहितेतही ही पाळणाघराची तरतूद आहे. पण जिथे कागदावर बारा माणसं दाखवली जातात, ठेकेदार बदलत राहतो, तिथे पन्नासचा आकडा भरतच नाही. अशा आईला फोनमधलं अ‍ॅप सांगेल, तुमचं बाळ भुकेलं आहे. ती चार किलोमीटरवर, मशीनपुढे उभी आहे. बाळ का रडतंय हे तिला आधीपासूनच ठाऊक आहे. तिला वेळ हवा आहे.

तरुण वाचकांना, विशेषतः आमच्यासारखं आयटीत काम करणाऱ्यांना, आणखी दोन गोष्टी सांगायच्या आहेत.

पहिली, कोणाचं बाळ ऐकून यंत्र शिकलं? २००९ मध्ये जर्मनीच्या काथलीन वेर्मके आणि त्यांच्या सहकाऱ्यांनी तीस फ्रेंच आणि तीस जर्मन नवजात बाळांचं रडणं तपासलं. फ्रेंच बाळांचा सूर चढत जायचा, जर्मन बाळांचा उतरत जायचा, त्यांच्या त्यांच्या भाषेसारखा. म्हणजे पोटात असतानाच बाळ आईच्या बोलण्याची चाल ऐकतं आणि रडण्यात ती उमटते. आमच्या घरात अम्मी दखनी बोलते, भाभी लातूरची मराठी, भाऊ दोन्ही मिसळून. शेजारी भोजपुरी. मागे प्रेसचा ठोका, पंख्याची घरघर, मशिदीची अजान, रस्त्यावरचा टेम्पो. युरोप-अमेरिकेतल्या शांत, स्वतंत्र खोलीत झोपणाऱ्या बाळांवर शिकलेलं यंत्र आमच्या खोलीत कितपत चालेल, हे तपासल्याशिवाय त्याच्यावर विसंबणं म्हणजे दुसऱ्याच्या मापाचा अंगरखा बाळाला घालणं. हे तपासायचं काम कोण करणार? त्या खोल्यांत वाढलेली मुलंमुलीच करू शकतात.

दुसरी गोष्ट, बाळाचा आवाज जातो कुठे? भावाने अ‍ॅप घेताना तीन वेळा 'मान्य' दाबलं होतं, एकही ओळ न वाचता. मी नंतर वाचलं. आमच्या घरातला आवाज साठवायचा आणि पुढे वापरायचा हक्क आम्ही देऊन टाकला होता. त्यात बाळ होतं, तसं भाभीचं रात्रीचं बोलणं, घरातली भांडणं, अम्मीची दुआही होती. २०२३ च्या डिजिटल वैयक्तिक माहिती संरक्षण कायद्यात अठरा वर्षांखालच्या मुलांची माहिती घेण्यासाठी पालकांची पडताळता येईल अशी संमती आणि मुलांच्या वागण्यावर पाळत ठेवायला बंदी, अशा तरतुदी आहेत. कायदा चांगला आहे, पण 'मान्य' दाबणारा अंगठा आपलाच असतो. ज्या समाजाकडे आधीच संशयाने बघितलं जातं, त्याने तरी आपल्या घरातला माइक कोणाच्या हातात आहे, हे विचारायला हवं.

झोप आणि वाढीच्या बाबतीतही हाच निकष लावा. झोपेवर नजर ठेवणारे कॅमेरे, पायात घालायचे मोजे बाजारात आहेत. अमेरिकेतल्या बालरोगतज्ज्ञांच्या संघटनेने २०२२ मध्ये पुन्हा स्पष्ट केलं की अशा घरगुती उपकरणांच्या भरवशावर अचानक बालमृत्यूचा धोका टळत नाही. बाळाला पाठीवर, सपाट, कडक अंथरुणावर, तोंडाजवळ उशी-गोधडी न ठेवता झोपवा, हा सल्ला फुकट आहे आणि जास्त कामाचा. नवजात बाळ दिवसाचे चौदा ते सतरा तास झोपतं, तेही तुकड्यांत. रडणं दुसऱ्या आठवड्यापासून वाढत जाऊन सहाव्या आठवड्याच्या सुमारास सर्वात जास्त असतं आणि तीन-चार महिन्यांत उतरतं. एवढं जरी नव्या आईला आणि तिच्या सासूला माहीत असलं, तरी 'तुझं दूधच पुरत नाही' हे टोमणे निम्मे कमी होतील आणि वरच्या दुधाची बाटली घरात यायची थांबेल.

आणि जिथे यंत्र खरोखर उपयोगी आहे, तिथे त्याचं मनापासून स्वागत करू. तीन महिन्यांच्या बाळाच्या हातापायांच्या बारीक, सतत चालणाऱ्या हालचाली बघून पुढे सेरेब्रल पाल्सी होण्याचा धोका ओळखता येतो. पण ते बघायला शिकलेले तज्ज्ञ फार थोडे. २०२२ मध्ये छापलेल्या एका अभ्यासात भारतासह चार देशांतल्या, धोका जास्त असलेल्या ५५७ बाळांचे व्हिडिओ डीप लर्निंगने तपासले. हा धोका यंत्रालाही बऱ्याच अंशी ओळखता येतो, असं दिसलं. मुंबईच्या वाधवानी एआय संस्थेने आशाताईच्या फोनवरच्या छोट्या व्हिडिओवरून नवजात बाळाचं वजन काढायचं साधन तयार केलं आहे. अडीच किलोपेक्षा कमी वजनाचं बाळ वेळेत ओळखणं म्हणजे अर्धी लढाई. या दोन्ही उदाहरणांत एक गोष्ट सारखी आहे. यंत्राच्या उत्तरानंतर काय करायचं हे ठरलेलं आहे, आणि ते करणारा डॉक्टर किंवा आशाताई पलीकडे उभी आहे. आमच्या हिरव्या खुणेच्या पलीकडे कोणीच नव्हतं.

आपल्यापैकी बहुतेकांनी लहानपणी ऐकलेली एक हदीस आहे. नमाज लांबवायचा इरादा असताना मागे बाळाच्या रडण्याचा आवाज आला, की आईचा जीव कासावीस होईल म्हणून पैगंबर साहेब नमाज आटोपती घ्यायचे. मला यात महत्त्वाचं वाटतं ते हे की तिथे कोणी बाळाला गप्प करायला सांगितलं नाही. बाईला बाळ घेऊन घरी बसायलाही सांगितलं नाही. रडणं ऐकू आल्यावर मोठ्यांनी आपलं वेळापत्रक बदललं. कारखान्याच्या मालकाला, पालिकेला, घरातल्या पुरुषाला आणि प्रोग्रॅम लिहिणाऱ्या माझ्यासारखीला, सगळ्यांना लागू पडणारी ही गोष्ट आहे.

तर आपल्या गटांनी करायची कामं साधी आहेत. आपल्या वस्तीतल्या आशाताई कोण आहेत, त्यांच्या हद्दीत किती घरं येतात, नव्याने भाड्याने राहायला आलेली कुटुंबं त्यांच्या यादीत आहेत का, हे बघा. नसतील तर नावं नेऊन द्या. नवजात बाळाच्या धोक्याच्या खुणा मराठीत आणि दखनी-हिंदीत, देवनागरीत, मोठ्या अक्षरांत लिहून मशिदीच्या, अंगणवाडीच्या, किराणा दुकानाच्या भिंतीवर लावा. बापांनी रात्रीचं एक तरी दूध पाजून झाल्यावर बाळ खांद्यावर घ्यावं, म्हणजे त्यांनाही आपल्या लेकराचा नेहमीचा आवाज ओळखीचा होईल. औद्योगिक पट्ट्यात पाच-दहा छोट्या शेड मिळून एक पाळणाघर का होऊ शकत नाही, हा प्रश्न महापालिकेकडे आणि उद्योजकांच्या संघटनांकडे लेखी विचारा. आणि ज्यांना प्रोग्रॅमिंग येतं, त्यांनी आपला एखादा रविवार या विषयाला द्यावा.

भावाने ते अ‍ॅप काढून टाकलं नाही. फक्त फोन आता रात्री स्वयंपाकघरात असतो. परवा पोरगी रात्री दोन वाजता खणखणीत रडली, इतकी की वरच्या मजल्यावरून कोणीतरी खिडकी लावली. भाऊ त्या दिवशी सुट्टीवर होता. तो उठला, तिला खांद्यावर घेतलं आणि अम्मीला म्हणाला, "रडू दे. ताकद आहे तिच्यात."